एक रेघ, वर बरोबर आकडा

१

फायलीत अकराव्या पानानंतर थेट चौदावं पान होतं. मधली दोन पानं कुणीतरी कापून नेली होती. घाईघाईने फाडली नव्हती, पट्टी लावून धारदार पात्याने सावकाश कापली होती.

मला त्याचं नवल वाटलं नाही, आणि वाटलं नाही याचीच आज लाज वाटते. माझं नाव आर्सेनी प्लातोनोविच झुयेव. १९५६च्या उन्हाळ्यात व्होल्गाकाठच्या आमच्या शहरात मी सरकारी वकिलांच्या कचेरीत दुय्यम अधिकारी होतो. वीस वर्षांपूर्वी ज्यांना आपणच जनतेचे शत्रू ठरवलं, त्यांना आता निर्दोष ठरवायचं, हे माझं काम. दिवसाला चार फायली. माणूस जिवंत असो नसो, दाखला एकाच नमुन्याचा.

ही फाईल वेनियामिन ओसिपोविच कारेलिन यांची. टेकडीवर हवामानाची वेधशाळा आहे, तिचे ते प्रमुख. १९३७च्या मे महिन्यात थंडीचा कडाका पडेल असं त्यांनी आधीच कळवलं होतं. कुणी ऐकलं नाही, पीक करपलं आणि नोव्हेंबरात त्यांनाच धरलं. आरोपपत्र वाचलं तर थंडी त्यांनी मुद्दाम मागवली होती असंच वाटावं. हसू आलं असतं, पण शेवटच्या पानावर तारीख होती. ३ डिसेंबर १९३७, गोळी घालून.

समोर त्यांच्या पत्नी बसल्या होत्या, कापितोलिना येवग्राफोव्हना. शत्रूची बायको म्हणून त्यांनाही नेलं होतं, आणि साडेअठरा वर्षं कझाकस्तानात काढून त्या दोनच दिवसांपूर्वी परतल्या होत्या.

"मला भरपाई नको, कॉम्रेड झुयेव," त्या म्हणाल्या. "एवढंच सांगा, यांच्याविरुद्धचं ते पत्र कुणी लिहिलं?"

"आता कळून काय करणार?"

"आठवड्यात शहरातला पत्ता नोंदवला नाही तर मला इथून हलावं लागेल. पत्ता देणारी एकच आहे, तायसिया. वेधशाळेत होती. मला नेलं तेव्हा माझी रिम्मा चार वर्षांची होती, तिला तायसियाने वाढवली. रविवारी मी तिच्याकडे राहायला जाणार. वेधशाळेत यांच्याखेरीज तिघंच होते. तायसिया, ग्लेब आणि खोल्या तापवणारा भट्टीवाला फेओफान. चौकशीत मला म्हणाले होते, पत्र वेधशाळेतूनच आलंय. म्हणजे तिघांपैकीच कुणाचं तरी. मी कुणाच्या हातचा चहा पिणार आहे, ते मला कळलं पाहिजे."

"शनिवारी या," मी म्हणालो.

त्या गेल्या आणि आमचे मुख्य अधिकारी दारातूनच म्हणाले, "कारेलिनच्या बाईंना निमोनिया सांगायचा. फेब्रुवारी त्रेचाळीस. दाखला तूच भर." वरून तसाच आदेश होता, गोळीचा शब्द काढायचा नाही. मी टाक उचलला आणि भरला.

मग फायलीच्या शेवटचं पाकीट उघडलं. त्यात झडतीत जप्त केलेला एक फोटो होता. वेधशाळेच्या पायरीवर चौघं उभे, खाली शाईने चौघांची नावं. कारेलिनच्या चेहऱ्यावर जांभळ्या शाईचा जाड गोळा. नावावर मात्र एकच बारीक रेघ, नाव सहज वाचता येईल अशी, आणि तिच्या शेजारी माशी बसून गेल्यासारखं काहीतरी, इवलंसं गोल आणि त्यात टिंब. असे चेहरे पुसलेले फोटो मी शेकड्यांनी पाहिले होते. मी तो परत पाकिटात घालणार होतो, तेवढ्यात झडतीच्या कागदावरची वेळ दिसली. अटक १२ नोव्हेंबर, पहाटे चार. वेधशाळेची झडती पाच. आणि यादीत स्पष्ट लिहिलं होतं, 'भिंतीवरील फोटो, एका इसमाचा चेहरा शाईने झाकलेला, शाई सुकलेली.'

तासाभरात ही बातमी टेकडीवर पोचवली कुणी?

२

ग्लेब निकानोरोविच आता वेधशाळेचे प्रमुख होते. पोट सुटलेलं, आवाज मोकळा.

"या, या. न्यायदेवता टेकडी चढून आली म्हणायची. एकोणीस वर्षं लागली, पण चढ आहेच तसा."

त्यांनी चहा आणि चेरीचा मुरंबा पुढे केला. मी फोटो टेबलावर ठेवला. त्यांचा चमचा मुरंब्यातच राहिला.

"हे कुणी केलं?"

"मी," ते पटकन म्हणाले. "बारा तारखेला. पहाटे कुणीतरी सांगितलं की साहेबांना नेलं. पळत आलो, दौत घेतली आणि झाकून टाकलं. झडतीवाले यायच्या आत."

"का?"

"का म्हणजे? सगळ्यांनीच खोडलं तेव्हा. तुम्ही नाही खोडलं?"

मी चहा ढवळत राहिलो. माझ्या कॉलेजच्या फोटोत दोन काळे गोळे आहेत, त्यातला एक माझ्या मेव्हण्याचा. बहिणीने त्याबद्दल मला कधी एक शब्दही विचारलेला नाही.

"आणि पत्र?"

"कसलं पत्र? मला काही माहीत नाही बुवा." त्यांनी विषय बदलला आणि भिंतभर लावलेल्या नोंदवह्या दाखवू लागले. १९११पासूनच्या, दिवसातून तीन नोंदी, एक दिवस चुकलेला नाही. "आमच्यात खाडाखोड चालत नाही. आकडा चुकला तर एक बारीक रेघ, चुकलेलं वाचता आलं पाहिजे. वर बरोबर आकडा, बाजूला दुरुस्त करणाऱ्याची खूण. कारेलिनचाच नियम. इतका घोटून घेतला आमच्याकडून की बायको हसते मला. बाजाराच्या यादीत बटाटे खोडले तरी मी खूण करतो म्हणे."

"सदतीसची वही न्यायची आहे मला."

त्यांचं हसू जरा आवरलं. पण प्रमुखाला वही नाही म्हणता येईना, आताच तिची एवढी तारीफ केली होती. "न्या. वही खोटं बोलत नाही," ते म्हणाले.

मी उतार उतरू लागलो तेव्हा ते फाटकातून म्हणाले, "फेओफान मागेच वारला, बरं का. त्याच्या नावावर घाला. त्याला काही वाटायचं नाही, बाईंनाही कळेल कुणीतरी एक, आणि तुमची फाईल मिटेल."

खरं सांगतो, पायथ्याशी येईपर्यंत मी त्याचा विचार करत होतो.

३

फेओफानची बायको उस्तिन्या नदीकाठच्या झोपडीवजा घरात राहायची. मी आत गेलो तर ती काकड्या मिठात घालत होती.

"कागद घेऊन आलास म्हणजे सरकारचा," ती म्हणाली. "बस, लेका. त्याला न्यायचं असेल तर उशीर झाला, दोन वर्षं झाली त्याला."

"आजी, फेओफानने कारेलिनसाहेबांविरुद्ध काही लिहून दिलं होतं का?"

तिने हात एप्रनला पुसले. "लिहून? माझा माणूस पगाराला फुली मारायचा. नाव लिहिता आलं असतं तर दारावर लिहिलं असतं."

मी तिला जांभळ्या गोळ्याचा फोटो दाखवला. तिने तो नीट पाहिला, उठली, टेबलावरचं मेणकापड उचललं आणि त्याखालून तसाच एक फोटो काढून माझ्यापुढे ठेवला. यात कारेलिनचा चेहरा होता. मिशा, जाड चष्मा, आणि उन्हाने किंचित मिटलेले डोळे. फायलीतल्या कागदांत न दिसलेला हा माणूस मला पहिल्यांदाच दिसला.

"चौघांना एकेक मिळाला होता," ती म्हणाली. "त्याला म्हटलं जाळ, पोरं आहेत घरात. म्हणाला, मेणकापडाखाली कोण बघतंय. एकोणीस वर्षं आम्ही यांच्या तोंडावर जेवलो. कापितोलिनाबाई आल्यात असं ऐकलं. त्यांना दे."

"हा दुसरा कुणी खोडला, फेओफान काही बोलला होता?"

"कुणी ते नाही. पण घरी आला तेव्हा तोंड पडलेलं. म्हणाला, उस्तिन्या, साहेब परगावी आहेत आणि भिंतीवर त्यांचं तोंड शाईने भरलंय. म्हणजे न्यायला येणार. मग अकरा तारखेला साहेबांची गाडी यायची होती. हा घोडा घेऊन स्टेशनवर गेला. सांगायलाच गेला होता." ती पुन्हा काकड्यांकडे वळली. "नाही सांगू शकला. साहेबांनी वाटेत विचारलं, भट्टी कशी आहे? हा म्हणाला, फुटली. बस, एवढंच बोलला सगळ्या वाटेत. मरेपर्यंत तेच घोकत होता, मी भट्टीचंच सांगितलं."

"शाईचं घरी सांगितलं तो दिवस आठवतो?"

"न आठवायला काय झालं? भट्टी फुटली तोच दिवस."

मी तिच्याच टेबलावर नोंदवही उघडली.

४

नोव्हेंबरची पानं जांभळ्या शाईत होती, सुबक. आठ तारखेच्या दुपारपर्यंत. त्याच दिवशी संध्याकाळी ग्लेबच्या अक्षरात, पेन्सिलीने: 'भट्टी फुटली. खोलीत उणे सहा. दौत गोठली. पुढील नोंदी पेन्सिलीने.' आणि मग चौदा तारखेला गवंडी येऊन जाईपर्यंत सगळं पेन्सिलीने.

म्हणजे बारा तारखेला पहाटे ग्लेबने घेतलेल्या दौतीत बर्फ होता. तो खोटं बोलला. चेहरा झाकला गेला तो आठ तारखेच्या संध्याकाळच्या आत. आणि सहा तारखेच्या आधी नाही, कारण फायलीतल्या नोंदीप्रमाणे सहाला कारेलिन क्रांतीच्या वर्धापनदिनाच्या सभेसाठी परगावी गेले, ते अकराला परतून थेट घरी गेले. त्यांच्या डोळ्यांदेखत हे कोण करणार?

पण ग्लेब खोटं का बोलला हे समजायला मला थोडा वेळ लागला. आठ ते बारा, चार दिवस तो डाग भिंतीवर होता. त्याच खोलीत तिघंही काम करत होती, त्याच भिंतीखाली हात चोळत पेन्सिलीने आकडे लिहीत होती. ज्याने खोडलं त्याला माहीत होतं आणि बाकीच्यांना बघून कळलं. एकाच्याही तोंडून शब्द निघाला नाही. बारा तारखेला मीच खोडलं असं म्हटलं की ग्लेबचे ते चार दिवस झाकले जात होते.

मग खोडलं कुणी? फेओफानने तर आपला फोटो जपून ठेवला होता. ग्लेब की तायसिया? अटकेच्या आधीच जो खोडतो त्याला अटक होणार हे ठाऊक असतं, आणि ते ठाऊक कुणाला असणार? ज्याने पत्र दिलं त्याला.

मी वहीची पानं उलटत बसलो. मार्चमध्ये एक आकडा चुकला होता. एक बारीक रेघ, वर नवा आकडा, बाजूला बारीकशी फुली. जूनमध्ये पुन्हा तसंच. ऑगस्टमध्ये रेघ तशीच होती, पण बाजूला फुली नव्हती. गोल होतं, आणि गोलात टिंब.

मी पाकिटातला फोटो काढला. चेहऱ्यावरचा गोळा भीतीने फासलेला होता, कुणाचाही असता. पण नावावर एकच बारीक रेघ होती, नाव वाचता येईल अशी. आणि शेजारी ती माशीची घाण. ती घाण नव्हती. कारेलिनला पुसतानाही त्या हाताने कारेलिनचाच नियम पाळला होता.

वहीच्या पहिल्या पानावर कारेलिनच्या अक्षरात खुणांची यादी होती. फुली: ग्लेब. गोलात टिंब: तायसिया.

५

शुक्रवारी दुपारी मी तायसिया मार्कोव्हनाकडे गेलो. एकच खोली, तीन खाटा. तिसरी नवी होती, तिच्यावर कोरी चादर घडी न मोडता अंथरलेली. रिम्मा कामावर गेली होती. कोपऱ्यात तिच्या लहानपणीच्या वह्या दोरीने बांधून ठेवल्या होत्या.

मी फोटो टेबलावर ठेवला आणि त्या खुणेवर बोट ठेवलं.

त्यांनी चष्मा लावला आणि वाकून पाहिलं.

"हे मी केलं होतं, ते आठवतच नाही मला," त्या म्हणाल्या. "हाताची सवय."

"पत्र तुमचंच?"

"पाच तारखेला बोलावलं. तीन तास उभी होते. मग तयार मजकूर पुढे ठेवला, म्हणाले, तुझ्या अक्षरात उतरव, नाहीतर त्याच यादीत तुझं नाव. उतरवला. एकही चूक केली नाही." त्यांनी चष्मा काढला. "आठला सकाळी पाळी माझी. खोलीत मी एकटी, आणि ते भिंतीवरून बघत होते. मला पारा वाचता येईना. मग टाक घेतला."

"आणि रिम्मा?"

"कापितोलिनाला नेलं त्या दुपारी अनाथाश्रमाची गाडी यायची होती. मी आधी पोचले. मावशी म्हणून सही केली. तीही खोटीच." त्या खाटेवर बसल्या. नव्या नव्हे, जुन्या. "ती आई म्हणते मला. लोक म्हणतात तायसियाचं मन केवढं मोठं. मी ऐकून घेते. एकोणीस वर्षं ऐकून घेतेय."

त्यांनी हात लांबवून नव्या खाटेवरच्या चादरीची कड सरळ केली.

"कापितोलिनाला सांगणार तुम्ही?"

"त्यांनी तेवढंच विचारलंय."

"मग सांगा. नाही सांगितलंत तर निदान हा फोटो देऊ नका. वेनियामिन ओसिपोविच महिनाअखेर वही घरी नेत, आकडे तीच तपासायची. खूण बघताक्षणी ओळखेल."

त्या खोलीत मी न्यायाधीशासारखा ताठ बसलो होतो. माझ्या पिशवीत निमोनियाचा दाखला होता, माझ्या अक्षरात. त्याची मला तेव्हा आठवणही झाली नाही.

६

शनिवारी कापितोलिना येवग्राफोव्हना वेळेवर आल्या. मी रात्रभर ठरवलं होतं. नाव सांगितलं तर बाईंचा पत्ता जाईल, शहर जाईल, आणि मुलीला दोन्ही आया गमवाव्या लागतील. म्हणून सांगायचं नाही. हे ठरवताना आपण फार दयाळू आहोत असं मला वाटत होतं.

मी त्यांना निर्दोषत्वाचा दाखला दिला. मृत्यूचा दाखला दिला. मग उस्तिन्याने पाठवलेला फोटो, तिचं नाव सांगून, दिला. त्यांनी नवऱ्याचा चेहरा पाहिला, चष्म्याच्या जागी बोट ठेवलं आणि म्हणाल्या, "हा फेओफानचा. भिंतीवरचा कुठे आहे? जप्तीच्या यादीत असणार."

"सापडत नाही."

"आणि पत्र?"

"ती पानं कापलेली आहेत. कुणी लिहिलं ते कळायला मार्ग नाही."

त्यांनी मान हलवली. "तायसियाने आज मला चहाला बोलावलं होतं. ओतायच्या आधी सगळं सांगितलं. म्हणाली, आधी ऐक, मग प्यायचा की नाही ते ठरव."

"मग?" मी विचारलं.

"प्याले. तोवर गार झाला होता." त्यांनी हातरुमालाने फोटोची कड पुसली. "माफबिफ नाही केलं मी. करेन की नाही तेही माहीत नाही. पण राहणार तिथेच. माझ्या मुलीचा ताप, गोवर, परीक्षा, सगळं तिच्याजवळ आहे. माझ्याजवळ काही नाही. ते तिच्याकडूनच ऐकायचंय मला."

मग त्यांनी मृत्यूचा दाखला उचलला आणि मोठ्याने वाचला. "निमोनिया. फेब्रुवारी १९४३." माझ्याकडे पाहिलं. "कझाकस्तानात आमच्यातल्या नऊ जणींना असे दाखले आले. नऊही जणींचे नवरे युद्धातच छातीच्या आजाराने गेले. हे अक्षर कुणाचं?"

"माझं."

"तुम्हाला तीन तास उभं केलं होतं?"

"नाही."

"यादीत नाव घालू म्हणाले?"

"नाही."

"मग?"

मुख्य अधिकारी दारात उभे होते आणि त्यांनी एक वाक्य सांगितलं होतं. आत यायचीही तसदी घेतली नव्हती. हे कोणत्या तोंडाने सांगणार?

त्यांनी माझाच टाक उचलला, दौतीत बुडवला आणि 'फेब्रुवारी १९४३'वर एक बारीक रेघ मारली. खालचं वाचता येत होतं. मग दाखला माझ्याकडे वळवून टाक माझ्या हातात दिला.

"वर बरोबर आकडा लिहा. तुम्हाला माहीत आहे तो. आणि बाजूला तुमची खूण करा. तायसियाने तेवढी तरी केली होती."

तारीख माझ्या जिभेवर होती. ती लिहिली असती तर नोकरी गेली असती, कदाचित त्याहून जास्त. कदाचित काहीच झालं नसतं. टाकाच्या टोकावरची शाई सुकली. त्या वाट बघत राहिल्या, अगदी शांतपणे. मग त्यांनी दाखल्याची घडी घातली, फोटोबरोबर पिशवीत ठेवला आणि गेल्या. रेघेवरची जागा कोरीच राहिली.

कापितोलिना येवग्राफोव्हना १९७१मध्ये वारल्या, तायसियाच्याच खोलीत. दोन वर्षांनी तायसियाही गेल्या. अंत्यविधीला मी लांब उभा होतो. रिम्मा कुणालातरी सांगत होती की आईचा चहा नेहमी गारच असायचा. दोघींपैकी कोणती आई, ते मला ऐकू आलं नाही.

आता १९८९ साल आहे. ती तारीख आता कुणीही मोठ्याने म्हणू शकतं, नोकरी जात नाही, आणि माझी तर नोकरीही उरलेली नाही. म्हणून हे लिहिलं. यात धाडस काही नाही.

कारेलिन, वेनियामिन ओसिपोविच. मृत्यू फेब्रुवारी १९४३, निमोनिया. ही नोंद माझी आहे. तिच्यावर एक रेघ आहे, खालचं वाचता येतं. वर बरोबर आकडा: ३ डिसेंबर १९३७, गोळी घालून. मला खूण कधीच नव्हती, म्हणून पूर्ण नाव लिहितो. आर्सेनी प्लातोनोविच झुयेव.